तबकाखालचं नाव

मातृविश्राम संघाच्या नियमावलीतलं सातवं कलम असं आहे : ‘राज्याच्या मुख्यमंत्र्यांची पत्नी ही संघाची आश्रयदाती राहील.’ ज्यांनी ते लिहिलं त्यांच्या डोळ्यांपुढचा मुख्यमंत्री म्हणजे ढेरी, सिगार आणि कोटाला घड्याळाची साखळी. त्या खुर्चीत एक दिवस विब्के ब्रोडेरसन बसेल हे त्यांच्या ध्यानीमनी नव्हतं. ती बसली आणि कलम बदलणं आलं. बदलायला विशेष सभा हवी, सभेला दोन-तृतीयांश सभासद हवेत, आणि निम्मे सभासद चर्चमागच्या दफनभूमीत शांत पहुडलेले, नावं मात्र अजून यादीत. शेवटी कलम राहिलं तसंच राहिलं आणि विब्केचा नवरा पत्नी झाला.

गेल्या दोन वर्षांच्या इतिवृत्तात ‘मुख्यमंत्र्यांची पत्नी श्री. हेनिंग लुडेर्स यांनी उपस्थित मातांचे स्वागत केले’ अशी वाक्यं आहेत. ती वाचून हसणारं माणूस संघात एकही नाही. नियम म्हणजे नियम.

हेनिंग साडेसहा फुटांचा गडी. पस्तीस वर्षं त्यानं समुद्राचे बांध बांधले आणि दुरुस्त केले. पहिल्याच दिवशी संघाच्या बायकांनी त्याला ‘सर्वांची आई’ असं भरतकाम केलेला एप्रन भेट दिला. तो त्यानं घातला. वर्तमानपत्रांनी फोटो छापले, विरोधकांनी विधानसभेत विनोद केले, आणि मेहुणा फोल्कर्ट आठवडाभर फोनवर ‘काय आईसाहेब?’ असं विचारत राहिला. हेनिंगला त्याचं काही वाटलं नाही. त्याला वाटलं ते वेगळंच, आणि ते त्यानं कुणाला सांगितलं नव्हतं.

विटनझील गावच्या बांधामागचं संघाचं ते विटांचं घर त्याला आवडायला लागलं होतं. थकलेल्या आया तिथं तीन आठवड्यांसाठी येत. आल्या की पहिले दोन दिवस नुसत्या झोपत. चौथ्या दिवशी कुणीतरी जेवणाच्या टेबलावर हसायचं आणि सगळं घर हसायला लागायचं. हेनिंग बुधवारी कॅमेऱ्यांशिवाय जायचा. गटारी साफ करायचा, कपड्यांचं मशीन दुरुस्त करायचा, ऐकून घ्यायचा. त्याच्या स्वतःच्या आईला पाच पोरं होती. दिवसा आडवी झालेली त्यानं तिला एकदाच पाहिलं, आणि ते शवपेटीत. त्यामुळे या घराच्या खिडक्यांत दुपारी पडदे ओढलेले दिसले की त्याला आतून बरं वाटायचं.

आज नाताळाआधीचा बाजार होता. वर्षातला संघाचा सगळ्यात मोठा दिवस.

स्वयंपाकघरात सकाळपासून केक येत होते. दारात श्रीमती टिमान केकांची यादी घेऊन बसल्या होत्या. कुणी काय आणायचं हे सप्टेंबरातच ठरलेलं, त्यामुळे सफरचंदाच्या जागी चेरी आणणाऱ्या बाईची त्यांनी आत्ताच हजेरी घेतली होती. त्यांचं दुसरं काम भांडी तपासण्याचं. प्रत्येक तबक, प्रत्येक थाळी त्या वर उचलायच्या, मान वाकडी करून खालची बाजू बघायच्या आणि मोठ्यानं वाचायच्या.

“हाईके योर्डिंग, परत करणे! ठीक. पुढचं. एल्के मोमझेन! ठीक. हे कुणाचं? नाव नाही? नाव नसलेलं भांडं मी घेत नाही, बाई. मागच्या वर्षी चौदा भांडी बेवारस राहिली. नेलपॉलिश आहे का जवळ? लिहा खाली.”

“आणि परत करताना?” हेनिंगनं मुद्दाम विचारलं. त्याला ते ऐकायला आवडायचं.

“रिकामं परत करायचं नाही! निदान दोन बिस्किटं तरी ठेवायची वर. हे काय सांगायला हवं का, साहेब?”

हेनिंगनं आपला ओट्यावरचा केक झाकून ठेवला होता. आश्रयदातीनं स्वतःच्या हातानं भाजलेला लोणी-केक या बाजारात पहिला कापला जातो, ही त्याच्या सासूबाईंनी घालून दिलेली रीत. थेडा ब्रोडेरसन. नवरा ओनो मुख्यमंत्री असताना सोळा वर्षं त्या इथल्या आश्रयदाती होत्या, आणि तो केक साऱ्या किनाऱ्यावर गाजला होता. गेल्या वर्षी हेनिंगनं भाजलेलं जे काही होतं त्यावर संघानं एकमुखानं मौन पाळलं. या वर्षी त्यानं सहा केक फुकट घालवले, मनगट भाजून घेतलं आणि सातवा जमवला. पीठ फुगलं होतं. बोटांनी पाडलेल्या खळग्यांत लोणी उतरलं होतं. बदाम करपले नव्हते. बांध पुरा झाल्यावरही त्याला एवढा अभिमान वाटला नव्हता.

बरोबर दहाला सासूबाई आल्या. चौऱ्याऐंशी वर्षं, ताठ कणा, मोत्यांची माळ. मागून ड्रायव्हर काहीतरी तागाच्या कापडात गुंडाळून घेऊन येत होता.

“हेनिंग, हे तुमच्यासाठी,” त्या म्हणाल्या. सव्वीस वर्षांत त्यांनी जावयाला अहो-जाहो सोडलं नव्हतं. नाव पहिलं घ्यायचं आणि वर ‘तुम्ही’ म्हणायचं, ही त्यांच्या व्यापारी घराण्याची जुनी तऱ्हा. माणूस जवळही बसतो आणि उंबऱ्याबाहेरही राहतो. “आमच्या घराण्याचं तबक. सोळा वर्षं मी केक यावरच आणला. त्यानंतर ते काचेच्या कपाटात होतं. आजपासून तुमचं.”

कापड सुटलं. पांढरं मोठं लांबट तबक, कडेला निळी जहाजं. बायकांनी ‘अगंबाई’ म्हटलं. हेनिंगला खरंच भरून आलं.

“थेडाबाई, मला कसं...”

“राहू द्या. ठेवा केक त्यावर. आणि उचलताना पोटाशी धरा. मी नेहमी पोटाशी धरायची. ते शोभतं.”

श्रीमती टिमान सवयीनं पुढे झाल्या आणि थबकल्या. मानाचं तबक तपासायचं नसतं. त्यांनी यादीत ‘आश्रयदाती : लोणी-केक’ यापुढे बरोबरची खूण केली.

अकराच्या सुमाराला मुख्यमंत्र्यांची गाडी आली. कुटुंबाला वाचनखोलीत जमवण्यात आलं. आयांच्या व्यायामाचे मोठे रबरी चेंडू तिथं रचलेले होते, म्हणून सगळे जरा चेपून बसले. विब्के उभीच होती. ती हल्ली कुठंही बसायची नाही. फोल्कर्ट आरामखुर्चीत. तो वकील, पक्षाचा जिल्हाध्यक्ष. खुर्ची बहिणीला मिळाली हे त्यानं माफ केलं होतं, असं तो दर नाताळात सांगायचा. हेनिंग-विब्केची मुलगी इंके एका चेंडूवर बसून हलकेच उड्या मारत होती. ती परिचारिका, रात्रपाळी करून थेट इथं आलेली.

“हे घे,” विब्केनं नवऱ्याच्या हातात कागद दिला. “भाषण. दीड मिनिट. केक कापायच्या आधी वाच.”

“दरवर्षी तर मी माझं माझं बोलतो.”

“या वर्षी टीव्हीवाले आलेत.”

हेनिंगनं चष्मा लावला. वाचलं. चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावून पुन्हा वाचलं.

“‘या वास्तूनं साठ वर्षं मातांना विसावा दिला, आता ती आपल्या नव्या पाहुण्यांची आतुरतेनं वाट पाहत आहे.’ कोण नवे पाहुणे, विब्के?”

“मंगळवारी मंत्रिमंडळात येतंय.”

“काय येतंय?”

फोल्कर्टनं घसा साफ केला. “अकादमी होतेय इथं. वरिष्ठ अधिकाऱ्यांसाठी. ताणमुक्ती अकादमी. मोठी संकल्पना आहे, हेनिंग.”

“आणि आया?”

“त्यांच्यासाठी घरपोच सल्ला सुरू करतोय,” विब्के म्हणाली. “फोनवर.”

इंकेच्या उड्या थांबल्या. “म्हणजे दमलेल्या आयांना बाहेर काढून दमलेल्या अधिकाऱ्यांना झोपवणार? ते कचेरीत झोपतात ना, आई? मला वाटलं तिथं त्यांची सोय आहे.”

“इंके, तू गप्प बस.”

“आणि फोन कुणी घ्यायचा? पोर कडेवर, दूध गॅसवर, आणि पलीकडून सरकार सांगतंय, दीर्घ श्वास घ्या.”

“वयाच्या बाविसाव्या वर्षापासून तू मला सरकार म्हणत्येस!”

“कारण तेव्हापासून तू घरी नसतेस.”

हेनिंग मध्ये पडला नाही. एरवी पडला असता. तो कागदाकडेच बघत होता.

“विब्के, मी इथला आश्रयदाता आहे. मला हे कागदावरून कळतंय?”

तिचा आवाज खाली आला. तिला नवऱ्याशी खोटं बोलायला जमायचं नाही, हा तिच्यातला उरलेला गुण. “हेनिंग, मला चार दवाखाने चालू ठेवायचेत. चार. त्यांतल्या दोनांत रात्रीचा डॉक्टर नाही. कुठूनतरी कापावं लागतं आणि जिथं कापीन तिथं कुणीतरी रडणार. तुला वाटतं मला हे आवडतं?”

“मग अकादमीला कुठून येतंय?”

यावर तिनं भावाकडे पाहिलं. फोल्कर्ट बोलला, “ते दुसरं खातं.”

हेनिंग सासूबाईंकडे वळला. या घरात सोळा वर्षं वावरलेली ही एकच बाई खोलीत होती. “थेडाबाई, तुम्हाला माहीत होतं?”

थेडाबाईंनी मोत्यांच्या माळेला हात लावला. “इमारतीला ओनोचं नाव लागणार आहे. ओनो ब्रोडेरसन अकादमी. पितळी अक्षरांत, समुद्राच्या बाजूनं.”

हे फोल्कर्टचं काम, हेनिंगच्या लगेच लक्षात आलं. वडिलांच्या नावाची अक्षरं आईला दाखवली, आई बहिणीच्या बाजूला आली, आणि बहीण भावाच्या ऋणात. ओनोच्या अंत्यविधीच्या दिवशी याच तिघांनी एकमेकांशी न बोलता चार तास काढले होते. माणसं जोडायला पितळ पुरतं.

“मी हे वाचणार नाही,” हेनिंग म्हणाला.

“तू काय बोलतोयस ते कळतंय का?” विब्के म्हणाली. “मुख्यमंत्र्यांचा नवरा मुख्यमंत्र्यांच्या विरोधात? संध्याकाळच्या बातम्यांत दुसरं काही नसेल. दवाखाने तर राहिलेच, मीही राहणार नाही.”

“मला कुठं विरोधात बोलायचंय? मला फक्त हे वाचायचं नाही.”

“हेनिंग.” सासूबाईंनी काठी जमिनीवर टेकली. “आश्रयदाती बोलत नसते. आश्रयदाती हसते, केक कापते आणि घरी जाते. मी सोळा वर्षं तेच केलं. तुम्हाला वाटतं तेव्हा मला काही बोलायचं नव्हतं? काय बोलायचं होतं ते आता आठवतसुद्धा नाही. सवयीनं जमतं. तुम्ही वाचा.”

“या किनाऱ्यावर लोणी-केक लग्नालाही असतो आणि मयतालाही,” इंके उठत म्हणाली. “आज कशाचा आहे ते बाबाला आधी सांगायला हवं होतं, एवढंच. त्यानं दंडाला दुखवट्याची काळी पट्टी लावली असती.”

तेवढ्यात दारावर टकटक झाली. श्रीमती टिमान. बाराला दोन मिनिटं कमी होती, आणि बारा म्हणजे बारा.

हेनिंगनं कागद घडी करून कोटाच्या खिशात ठेवला. वाचणार की नाही हे त्याला स्वतःलाही माहीत नव्हतं. स्वयंपाकघरातून तबक उचलून तो दिवाणखान्याकडे निघाला. बायको दुखावली जाईल किंवा हे घर जाईल. दोन्ही वाचवणारा तिसरा रस्ता त्याला दिसत नव्हता, आणि बांधकामात त्याला नेहमी तिसरा रस्ता सापडत आलेला.

दिवाणखाना खचाखच भरला होता. या आठवड्याच्या बावीस आया लेकरांसह, गावकरी, चर्चचे पाद्री, वार्ताहर, कॅमेरा. पहिल्या रांगेत नेहमीप्रमाणे आल्मुट गेर्येट्स. चाळीस वर्षं या घराचं स्वयंपाकघर तिनं चालवलं. आता एकोणऐंशी पार, चालायला चाकांची गाडी, कानांनी ठार बहिरी. ऐकू यावं म्हणून पुढे बसायची आणि तरी ऐकू यायचं नाही.

हेनिंग समोर उभा राहिला. तबक पोटाशी.

“वर धरा साहेब, वर!” वार्ताहर ओरडला. “तुमच्याएवढा उंच माणूस असून मागच्यांना काही दिसत नाही!”

आणि हेनिंग भला माणूस असल्यामुळे त्यानं ते मनावर घेतलं. दोन्ही हातांनी तबक डोक्यावर धरलं. अगदी वर. मागच्या आयांनी टाळ्या वाजवल्या.

पहिल्या रांगेशेजारी श्रीमती टिमान उभ्या होत्या. सकाळपासून त्यांनी एक्क्याऐंशी भांड्यांच्या बुडांवरची नावं वाचली होती. ब्याऐंशीवं बूड डोळ्यांसमोर आलं. त्यांची मान आपोआप वाकडी झाली, आणि तोंडून तेवढ्याच खणखणीत आवाजात निघालं,

“आल्मुट गेर्येट्स, परत करणे!”

लाल नेलपॉलिशची अक्षरं होती, जरा उडालेली, पण शेवटच्या खिडकीतूनही वाचता येतील अशी.

इथल्या लोकांची स्मृती चमत्कारिक आहे. मंत्र्यानं दिलेली खोटी आश्वासनं ते वर्षभरात विसरतात. दुसरीच्या हातचा केक आपला म्हणून मांडणाऱ्या बाईला मात्र तिच्या नातवंडांच्या लग्नातही माफी नसते. मागच्या बाकावर कुजबुज सुरू झाली. वार्ताहरानं वही उघडली. “म्हणजे केक साहेबांनी भाजलेला नाही?”

हेनिंगनं तबक खाली घेतलं. आधी त्याला काही कळलंच नाही. केक तर त्यानंच भाजला होता. मनगटावर फोड होता. मग त्याची नजर सासूबाईंवर गेली. थेडाबाईंचा चेहरा चुन्यासारखा झाला होता. आणि बांधात पाणी कुठून मुरतंय हे ओळखण्यात आयुष्य घालवलेल्या माणसाला सगळं एकदम दिसलं. सोळा वर्षांचा गाजलेला केक, घराण्याचं तबक, ‘पोटाशी धरा’. खोटं तीस वर्षं काचेच्या कपाटात ठेवलं की त्याची घराण्याची वस्तू होते. म्हातारी ते नाव विसरलीसुद्धा असेल. विसरली नसती तर आणलं असतं कशाला?

‘हे तबक मला सासूबाईंनी आज दिलं.’ एवढं एक वाक्य पुरलं असतं. हेनिंगच्या ओठांवर आलंही. पण त्या चेहऱ्याकडे बघून त्याला ते बोलवेना.

“गेर्येट्सबाईंनीच भाजला,” तो म्हणाला. “मला जमत नव्हतं. मी त्यांच्याकडून घेतला आणि माझा म्हणून मांडला. चूक माझी आहे.”

विब्केनं डोळे मिटले. फोल्कर्टनं ते मिटलेले डोळे बघून हळूच मोबाईल काढला आणि पक्षातल्या कुणाचा तरी नंबर शोधायला लागला. आल्मुटनं शेजारणीला कोपरानं ढोसलं. “काय म्हणतोय तो?”

“तुम्ही केक भाजला म्हणतायत!” शेजारीण तिच्या कानात ओरडली.

“मी?” आल्मुटचा आवाज बहिऱ्या माणसाचा असतो तसा, सगळ्या घराला पुरणारा. “मी कुठनं भाजणार गं! सात वर्षं झाली, या बोटांनी चमचा धरवत नाही मला. कुणाला वेड लागलंय?”

“पण तबकावर नाव तुमचं आहे!” श्रीमती टिमान म्हणाल्या. हिशेब लागत नसलेली यादी त्यांना सहन होत नाही.

“तबक माझंच! माझ्या लग्नातलं. निळी जहाजं आहेत ना कडेला? ओनोसाहेब निवडून आले त्या साली बाईंनी नेलं, केकसकट. म्हटलं येईल परत. दरसाल केक न्यायला सरकारी गाडी यायची, तबक काही यायचं नाही. मी आपली डब्यात घालून द्यायची.” ती हेनिंगकडे बघून हसली. “आज आलं. देव बरं करो तुमचं.”

एक आई फिसकन हसली. मग दुसरी. मग पोरंही, का ते न कळताच, हसली. थेडाबाई उभ्या राहिल्या.

त्यांना उभं राहायला वेळ लागला आणि तेवढ्या वेळात हशा थांबला. त्या काठी टेकत हेनिंगपाशी आल्या. जवळ येऊन त्याच्या मनगटाकडे बघितलं, फोडाकडे. “हा तुम्ही भाजलाय ना?” त्यांनी फक्त त्यालाच ऐकू जाईल असं विचारलं.

“हो.”

“मग खोटं कशाला बोललात?”

“तुम्ही बसला होतात समोर.”

थेडाबाई त्याच्याकडे बघत राहिल्या. सव्वीस वर्षांत त्यांनी त्याला बहुधा इतका वेळ पाहिलं नव्हतं. मग त्या लोकांकडे वळल्या. राजकारण्याची बायको म्हणून काढलेली वर्षं त्यांच्या पाठीच्या कण्यात भिनलेली होती. कॅमेऱ्याचा लाल दिवा कुठं आहे हे त्यांना न बघता कळलं.

“हा केक माझ्या जावयानं भाजलाय,” त्या म्हणाल्या. “माझा मात्र मी कधीच भाजला नाही. सोळा वर्षं आल्मुटनं भाजला आणि मी पोटाशी धरला. तिचं तबकही ठेवून घेतलं. आल्मुट, मी आज ते परत करतेय.”

“काय म्हणतायत?” आल्मुटनं विचारलं.

“तबक परत!” शेजारीण ओरडली.

“पण आपल्याकडे भांडं रिकामं परत करत नाहीत,” थेडाबाई पुढे म्हणाल्या. “आणि चाळीसहून अधिक वर्षं ठेवलेलं भांडं परत करताना दोन बिस्किटांनी भागणार नाही. म्हणून मी माझ्या मुलीला सगळ्यांसमोर एक विचारते. विब्के, हे घर बंद होणार आहे का?”

हे ऐकायला आल्मुटला शेजारणीची गरज पडली नाही. दिवाणखान्यातली प्रत्येक आई एकाच वेळी विब्केकडे वळली. बावीस आया, कडेवर पोरं, आणि कॅमेरा.

“आई, हे इथं...”

“हेनिंगच्या खिशात तुझं भाषण आहे. तो वाचणार नाही म्हणाला. मी वाचू?”

विब्के ब्रोडेरसन उगाच मुख्यमंत्री झालेली नव्हती. तिनं तीन श्वास घेतले. इंके नंतर म्हणायची की ते फोनवरच्या सल्ल्यातले होते. मग ती हसली, पुढे आली आणि तिनं आईचा हात हातात घेतला.

“हे घर बंद करण्याचा कोणताही निर्णय झालेला नाही,” ती स्पष्ट आवाजात म्हणाली. “आणि जो निर्णय झालेलाच नाही तो मंगळवारीही होणार नाही. या घराचं भवितव्य ठरवण्यासाठी मी एक समिती नेमते आहे. आश्रयदाती... आश्रयदाते श्री. लुडेर्स तिचे अध्यक्ष असतील.”

टाळ्यांचा कडकडाट झाला. या राज्यात समिती नेमणं म्हणजे काय हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. बांधांच्या उंचीबाबतची समिती हेनिंग नोकरीला लागला तेव्हा नेमली होती आणि तो निवृत्त झाला तरी तिची दुसरी बैठक व्हायची होती. तेवढ्या काळात या घरात हजारो आया झोपून उठल्या असत्या. फोल्कर्टनं मोबाईल खिशात टाकला आणि सगळ्यांत जोरात टाळ्या वाजवायला लागला. दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात मथळा होता, ‘मुख्यमंत्र्यांनी मातांचं घर वाचवलं’.

निघताना विब्के नवऱ्यापाशी थांबली. “घरी बोलू,” म्हणाली. त्या दोन शब्दांचा अर्थ हेनिंगला कळत होता. हे प्रकरण चार-सहा महिने तरी जेवणाच्या टेबलावर राहणार होतं. मग तिनं त्याचं भाजलेलं मनगट उचलून बघितलं. “यावर काही लावलंस का?”

“नाही.”

“लाव,” ती म्हणाली आणि गाडीत बसली.

बाजार उठल्यावर हेनिंग स्वयंपाकघरात ते निळ्या जहाजांचं तबक धूत होता. खालची अक्षरं जाऊ नयेत म्हणून बुडाला हलक्या हातानं कापड लावत होता. धुऊन झाल्यावर त्यानं उरलेले चार तुकडे आल्मुटसाठी त्यावर मांडले. थेडाबाई आत आल्या. खुर्ची असूनही बसल्या नाहीत. त्यांनी त्या चारांतला एक उचलला आणि उभ्या-उभ्याच खाल्ला, अगदी बारीक लक्ष देऊन. सोळा वर्षं लोकांनी त्यांच्या हातून खाल्लेला केक त्या बहुधा पहिल्यांदाच चवीनं खात होत्या.

“त्यांचं नाव लागणार नाही आता,” हेनिंग म्हणाला. “इमारतीवर. मला वाईट वाटतं.”

“ओनोला हा केक आवडायचा,” थेडाबाई म्हणाल्या. “नेहमी म्हणायचा, तुझ्या हाताला काय चव आहे. मी त्यालाही कधी सांगितलं नाही.” त्यांनी बोटाला लागलेली साखर पुसली. “लोणी कमी पडलंय, हेनिंग. पुढच्या वर्षी जास्त घाल.”

हेनिंगचा हात कापडावरच थांबला. ‘घाला’ नव्हे. ‘घाल’.

“घालतो, थेडाबाई.”

“आणि बाई-बिई म्हणायचं बंद कर. थेडा म्हण.”

“बरं... थेडा,” तो म्हणाला, आणि त्याला दरदरून घाम फुटला. चौदा वर्षांपूर्वी पहाटे पूर्वेकडचा बांध फुटल्याचा फोन आला होता, तेव्हासुद्धा तो इतका घाबरला नव्हता.